ती आता काम करत नाही

१२ जानेवारी

प्रिय भिंगरे,

चष्मा पोचला. नाकावर असा बसलाय की मी तो लावूनच झोपले होते. माणूस समोर नसताना नुसत्या पत्रावरून फ्रेम निवडणारी चष्मेवाली तू एकटीच असशील. लहानपणी घरात भिंगरीसारखी फिरायचीस म्हणून ते नाव पडलं आणि पुढे तू भिंगांचंच दुकान थाटलंस, याचं मला अजून हसू येतं.

बातमी अशी, की मला मोठं काम मिळालंय. मालिका आहे, आठवड्यातून पाच दिवस, संध्याकाळी सात वाजता. मी सासू. आजवर अकरा वेळा नर्स झाले, चार वेळा न्यायाधीश, एकदा तिकीट खिडकीवरची बाई. त्या वेळी आठ दिवस खऱ्या खिडकीत बसून सराव केला, तर लोक माझ्याकडून तिकिटं घेऊन गेले. मेले तर मी एकोणीस वेळा. रस्त्यात लोक थांबवतात आणि विचारतात, "आपण बँकेत भेटलो होतो ना?" चेहरा ओळखीचा, नाव कुणाला ठाऊक नाही. पण या वेळी सुरुवातीच्या नामावलीत माझं नाव दुसरं येतं, सुनेच्या लगेच खाली.

आता एक कबुली. ही सासू कशी उभी करावी ते चार दिवस सुचेना. पाचव्या दिवशी दिग्दर्शक म्हणाला, "सून उलट बोलते, तुम्ही काय कराल?" मी चष्मा काढला, काड्या मिटल्या, भिंगं वर करून टेबलावर ठेवला आणि भिंतीकडे बघून म्हणाले, "असो." मला माझं मलाच कळलं, ही आई आहे. तुझी आई.

तुझ्या दादाशी माझं नातं संपून तीस वर्षं झाली. नणंद-भावजयीचं आपण दोघींनी कुणाला न विचारता चालू ठेवलं. म्हणून तुलाच विचारते: आई मालिका बघतात का? बघत असल्या तर त्यांना दुसरं काहीतरी लावून दे.

तुझी,
वहिनी (अजूनही)

---

३ फेब्रुवारी

प्रिय वहिनी,

उशीर केलास. तुझं पत्र यायच्या आधीच आईने तुला पकडलं.

झालं असं, की मी दुकान बंद करून घरी आले तर आई टीव्हीच्या अगदी पुढ्यात खुर्ची घेऊन बसलेली. मला म्हणाली, "ही आपली थोरली ना?" मी म्हटलं, हो. तुला ती अजून 'आपली थोरली' म्हणते, हे मी तुला कधी कळवलं नव्हतं वाटतं. मग तू चष्मा काढून ठेवलास. आईने माझ्याकडे पाहिलं. ती इतकंच म्हणाली, "भिंगं वर. बरोबर आहे. खाली ठेवली तर ओरखडे पडतात."

दुसऱ्या दिवसापासून ती साडेसहालाच जागा धरून बसते. त्र्याऐंशीव्या वर्षी तिला काम मिळालंय. तिने तुला निरोप दिलाय, तिच्याच शब्दांत लिहिते:

"तिला सांग, चष्मा काढल्यावर डोळे बारीक करू नकोस. मला दिसत नाही हे मी कधी कुणाला कळू दिलं नाही. आणि उठताना गुडघ्यावर हात ठेवून उठते, तसं मी उठत नाही. मी टेबलाला धरते. गुडघ्यावर हात ठेवणारी बाई थकलेली असते. मी थकले नव्हते, मला राग आलेला असायचा."

मी विचारलं, "आई, तुला वाईट नाही वाटलं?" तर म्हणे, "कशाचं? माझ्यावर कुणी इतकं लक्ष ठेवलं होतं, हेच मला माहीत नव्हतं."

तुझा चष्मा मालिकेत नको वापरूस. तो दूरचं बघायचा आहे.

तुझी,
भिंगरी

---

२० फेब्रुवारी

प्रिय भिंगरे,

तुझं पत्र मी मेकअपच्या खुर्चीत बसून वाचलं आणि रंगवणाऱ्या बाईला दोनदा थांबावं लागलं. आईंना सांग, डोळे बारीक करणं बंद. टेबलाला धरून उठले, तर दिग्दर्शक म्हणाला, "काल ही बाई भांडखोर वाटत होती, आज भीती वाटते." आईंना मानधन द्यायला हवं.

काल सुनेचं काम करणारी मुलगी जेवणाच्या सुट्टीत माझ्याजवळ बसली. तिने विचारलं, "तुम्ही कधी नायिका नाही केलीत?" मी नेहमीचं उत्तर दिलं, "नायिकेला चालता कुठे येतं? तिला नुसतं येऊन दिसावं लागतं." ती हसली. पण मग मी तिला खरं सांगितलं.

तुला आठवत असेल. मी चोवीस वर्षांची होते, तुमच्या घरी येऊन दोन वर्षं झाली होती. त्या नव्या दिग्दर्शकाने माझी चाचणी घेतली होती. गावोगाव फिरून शिकवणाऱ्या मुलीची कथा. चाचणी झाल्यावर तो म्हणाला होता, "घरचा नंबर ठेवून जा, आठवड्याभरात फोन येईल." तीन आठवडे मी वाट पाहिली. नाटकाच्या दुपारच्या तालमीहून आले की तुला विचारायचे, "काही निरोप?" मग एक दिवस वर्तमानपत्रात दुसऱ्याच मुलीचा फोटो.

त्या दिवशी मी आरशासमोर बसून स्वतःला समजावलं, की हा चेहरा मधोमध ठेवायचा नाही, तो कडेला शोभतो. रडले नाही फारशी. दुसऱ्या दिवसापासून लोक कसे चालतात ते बघायला लागले. माझं सगळं काम त्या एका नकारावर उभं आहे. त्या दिग्दर्शकाचे मी मनातल्या मनात कितीदा तरी आभार मानलेत.

गुडघे कसे आहेत?

तुझी,
वहिनी

---

९ एप्रिल

वहिनी,

परवाचा भाग आम्ही पाहिला. सुनेसाठी नोकरीचा फोन येतो, सासू उचलते आणि म्हणते, "ती आता काम करत नाही." आणि ठेवून देते.

आईने टीव्ही बंद केला. तेव्हापासून लावलेला नाही. नीट जेवत नाही, बोलत नाही.

तुला राग असणार, आणि असायलाच हवा. पण तीस वर्षं मला पत्रं लिहीत राहिलीस, हसवत राहिलीस, आणि हे सगळ्यांसमोर असं दाखवायचं? शब्दसुद्धा तेच. मला एकदा विचारायचं होतंस. तोंडावर विचारलं असतंस तर मी खोटं बोलले नसते.

तुला कधीपासून माहीत होतं?

भिंगरी

---

१४ एप्रिल

भिंगरे,

तुझं पत्र मी तीनदा वाचलं आणि मला त्यातलं काहीही कळलेलं नाही.

मालिका मी लिहीत नाही गं. लिहिणारी एक सव्वीस वर्षांची मुलगी आहे. ती सकाळी पानं धाडते, आम्ही दुपारी बोलतो. तो फोनचा प्रसंग तिला तिच्या मावशीवरून सुचला, असं तिने सांगितलं. मी ते वाक्य पाठ केलं, म्हटलं आणि घरी आले. त्यात मला राग असण्यासारखं काय होतं? आईंना कशाचं लागलं?

आणि मला 'कधीपासून माहीत होतं' म्हणजे काय माहीत होतं?

आईंची तब्येत कळव. माझ्यामुळे काही झालं असेल तर मी येते.

वहिनी

---

२ मे

प्रिय वहिनी,

आई बरी आहे. जेवते. तू येऊ नकोस, उगाच दगदग. माझंच डोकं त्या दिवशी ठिकाणावर नव्हतं; पत्र मनावर घेऊ नकोस.

दुकानात नंबर तपासायचं नवीन यंत्र आणलंय. हनुवटी टेकवायची, की आत एक छोटं घर दिसतं, आधी धूसर, मग स्वच्छ. मुलांना फार आवडतं. काड्यांचे नवे रंगही आलेत, तुला निळा पाठवू का? गुडघ्यांना शेक देते आहे. उन्हाने शटर इतकं तापतं की हात लावता येत नाही.

बाकी विशेष काही नाही.

तुझी,
भिंगरी

---

७ मे

भिंगरे,

माणसं काही लपवताना हातांना काम शोधतात, हे बघण्यात माझा जन्म गेलाय. अख्खं पत्रभर तू मला चष्मे दाखवलेस.

तू लिहिलंस, शब्दसुद्धा तेच. कुणाचे? कोण कुणाला म्हणालं होतं, "ती आता काम करत नाही"?

वहिनी

---

१५ मे

वहिनी,

सांगते. दुकान आज उघडलेलं नाही.

फोन आला होता. एकदा नाही, तीनदा. तू तालमीला गेलेली असायचीस तेव्हा, दुपारी. दिग्दर्शकाचा मदतनीस होता. पहिल्यांदा आईने उचलला. तो म्हणाला, "त्यांची निवड झाली आहे, सोमवारी दहा वाजता यायला सांगा." आई म्हणाली, "ती माहेरी गेली आहे." दोन दिवसांनी पुन्हा आला. आईने तेच सांगितलं.

तिसरा फोन मी उचलला.

आई शेजारी उभी होती. तिने मला वाक्य सांगितलं आणि मी ते म्हटलं, "ती आता काम करत नाही." तो माणूस म्हणाला, "वाईट झालं. फार चांगली होती." हे मला चौतीस वर्षं तोंडपाठ आहे.

आईने सांगितलं म्हणून, असं म्हणून मी सुटू शकते. पण तेव्हा माझं लग्न जमत होतं. त्या घरच्यांना सिनेमात काम करणारी भावजय चालणार नाही, असं कुणीतरी म्हणालं होतं. मी एकवीस वर्षांची होते आणि मला तो मुलगा आवडला होता. ते लग्न झालं नाही, तुला ठाऊकच आहे. त्याला दुसरीच कुणी आवडली.

त्या संध्याकाळी तू आलीस, चप्पल काढता काढता विचारलंस, "काही निरोप?" मी म्हटलं, "नाही."

आधी धीर झाला नाही. मग तुला कामं मिळायला लागली, वाटलं आता कशाला. फेब्रुवारीत तू लिहिलंस की त्या नकाराचे तू आभार मानतेस. ते पत्र मी गल्ल्याखालच्या खणात ठेवलं आणि दोन महिने त्या खणाला हात लावला नाही. एप्रिलमधला तो भाग पाहून आम्हा दोघींना वाटलं, तुला सगळं कळलंय आणि तू असं सांगते आहेस. तुला माहीत नव्हतं. मीच सांगून बसले.

दादाला यातलं काही ठाऊक नव्हतं. तेवढं त्याच्या नावावर लावू नकोस.

भिंगरी

---

२८ जून

वहिनी,

सहा आठवडे झाले. तू लिहिणार नसशील तर मला समजेल.

तुला मालिकेत पाहते. तू टेबलाला धरून उठत नाहीस आता. चालतेसही वेगळीच. आईनेही परत टीव्ही लावलाय. तिने काल स्वतः कागद मागितला. नीट दिसेना म्हणून अक्षर मोठं काढलंय. सोबत ठेवते. मी वाचलेलं नाही.

भिंगरी

*

चि. थोरलीस,

भिंगरीने तुला सांगितलं म्हणते. तिने स्वतःवर किती घेतलं मला माहीत नाही, म्हणून लिहिते. वाक्य माझं होतं. मी तिच्या शेजारी उभी होते आणि तिने ठेवून दिल्यावर मी तिला चहा करून दिला.

तिच्या लग्नासाठी केलं असं मी तिला म्हणत आले. ते पूर्ण खरं नाही. तू तालमीहून यायचीस तेव्हा तुझा चेहरा असा असायचा, की आमच्यातलं कुणीच तिथे नाही असं वाटायचं. मी घाबरले. म्हटलं, ही जाईल. म्हणून अडवलं. आणि तू चार वर्षांनी गेलीसच.

मला माफी मागता येत नाही, ते तू करून दाखवतेसच. केलं ते केलं. तुझं काम मी सगळं पाहिलं आहे. थिएटरात एकटी जायची, भिंगरीला देवळात जाते म्हणून सांगायची. तू नर्स होतेस तेव्हा चांगली असतेस. न्यायाधीश म्हणून पटत नाहीस.

प्रकृतीला जप.

आई

---

१९ जुलै

प्रिय भिंगरे, आणि आई,

दोघींना एकच पत्र, म्हणजे कुणी कुणापासून लपवायला नको.

राग आला. असा, की भांडी घासताना एक कप फोडला आणि दुसरा ठरवून फोडला. भिंगरे, तुझा जास्त आला. आईंकडून मी काही मागितलंच नव्हतं. तुला मी रोज विचारायचे.

मैत्रिणीला सांगितलं तर ती म्हणाली, "झालं ते बरंच झालं. तुझ्या जागी घेतलेल्या त्या मुलीचे पुढे चार सिनेमे आले आणि संपलं. तू ब्याऐंशी भूमिका केल्यास." खरं आहे, पण कृपा करून हे मला कुणी सांगू नका. मी चार सिनेमे करून संपले असते, तर ते माझं संपणं असतं. माझा चेहरा चालत नाही, असं मी चोविसाव्या वर्षी मान्य केलं. नंतर कुणी फोटो काढायला लागलं की आपोआप कडेला सरकायचे. लग्नाच्या घरीसुद्धा. परवा जुने फोटो काढून बसले होते. सगळ्यांत मी अर्धी आहे.

सेटवर तर पंचाईतच झाली. आईंसारखं बसता येईना. वीस-बावीस दिवस मी कुठल्या तरी भलत्याच बाईची चाल चालले. दिग्दर्शक विचारी, "आपली सासू कुठे गेली?" मी म्हणे, शोधते आहे.

मग परवा लिहिणाऱ्या मुलीने नवीन पानं दिली. सुनेला फोनचं कळतं, सासू तिचा हात धरून रडते, क्षमा कर म्हणते. मी तिला बाजूला घेतलं. म्हटलं, "ही बाई रडणार नाही. ती सांगेल, 'फोन आला होता, मी ठेवून दिला. मला वाटलं तू जाशील, म्हणून अडवलं. आणि तू गेलीसच.' एवढंच. मग उठेल." मुलीने स्वतःचं सगळं खोडलं.

आई, ते वाक्य तुमचं आहे. विचारल्याशिवाय वापरणार नाही. चित्रीकरण ऑगस्टच्या शेवटी आहे.

माफ केलं, असं लिहायला हात वळत नाही अजून. वळेल की नाही, सांगता येत नाही. पण ऑगस्टच्या पहिल्या रविवारी मला सुट्टी आहे आणि मी येते आहे. त्या सिनेमाची प्रत मिळवली आहे. मी तो कधी पाहिलेला नाही. त्याची जाहिरात दिसली तरी रस्ता बदलायचे. आता बघायचाय, तुम्हा दोघींबरोबर. एकटीने बघवणार नाही, आणि दुसऱ्या कुणाबरोबर बघण्यात अर्थ नाही.

वहिनी

---

११ ऑगस्ट

प्रिय वहिनी,

रविवारचं तू विसरणार नाहीसच. तरी लिहिते, कारण तू करत होतीस तेव्हा तू स्वतःला दिसत नव्हतीस. आम्हाला दिसत होतीस.

तू आलीस, आईने तुला खुर्ची दाखवली, मी चहा केला आणि तिघींनी तो भाजत असतानाच पिऊन टाकला. सिनेमा लावला तेव्हा सुटल्यासारखं झालं. मी पडद्याकडे कमी आणि तुझ्याकडे जास्त पाहत होते. पहिला अर्धा तास तू हाताची घडी घालून होतीस. मग एकदम पुढे सरकलीस आणि म्हणालीस, "अगं, चांगली आहे की ही." तुझ्या आवाजात इतका आनंद होता, की मला रडू फुटलं. मी भांडी विसळायला उठले ते त्यासाठी.

मधला तो प्रसंग मी दारातून पाहिला. मुलगी पिशवी घेऊन घर सोडते, म्हणते, "मी निघते," आणि तिची आई इतकंच म्हणते, "जा." तू म्हणालीस, "चाचणीला मला हाच दिला होता."

सिनेमा संपला. आईने चष्मा पुसला आणि विचारलं, "तू कसं केलं असतंस?"

मला वाटलं, तू उठून जाशील. तू माझी बाजाराची पिशवी घेतलीस, आतली दुधाची बाटली काढून टेबलावर ठेवलीस आणि दाराशी जाऊन उभी राहिलीस. वहिनी, तू काही केलं नाहीस. केस मोकळे केले नाहीस, आवाज बारीक केला नाहीस. नुसती पिशवी एका हातातून दुसऱ्या हातात घेतलीस, जशी माणसं जड नसलेली पिशवी जड असल्यासारखी घेतात. आणि तुझी मान चोवीस वर्षांची झाली. मला ती मान आठवत होती. तू चप्पल काढायचीस तेव्हा तशीच दिसायचीस. पडद्यावरच्या मुलीला जाताना भीती वाटत होती. तुला वाटत नव्हती. तुला आमची काळजी वाटत होती. हे त्या मुलीला सुचलं नव्हतं.

"मी निघते," म्हणालीस.

तू थांबून होतीस. मला कळलं, तुला पुढचं वाक्य हवंय आणि ते माझं नाही. आईने टेबलाला धरलं, उठली. तुझ्याकडे बघितलं, भिंतीकडे नाही.

"जा," म्हणाली. मग म्हणाली, "सोमवारी दहा वाजता जायचंय. उशीर करू नकोस."

हे सिनेमात नाही. तू हसली नाहीस, रडली नाहीस, भूमिका सोडली नाहीस. मान हलवलीस आणि जिना उतरायला लागलीस. आम्ही दोघी तुझी पावलं ऐकत उभ्या. दोन मजले तू एका लयीत उतरलीस. खाली बाहेरचं दार वाजलं. मला वाटलं, आता ही जाते. जाऊ दे.

कितीतरी वेळाने पावलं परत यायला लागली, हळूहळू, प्रत्येक वळणावर थांबत. तू दारात आलीस तेव्हा तुला धाप लागली होती, हात गुडघ्यावर होता आणि तू अठ्ठावन्न वर्षांची होतीस. आईने तुला पाणी दिलं.

ते वाक्य खुशाल वापर, असं तिने सांगितलंय.

तुझी,
भिंगरी